बंगालच्या उपसागरातला न चाललेला कोड

या वीकांताचा लेख खरं तर समुद्रावर आहे, पण सुरुवात जतपासून करावी लागणार. जत म्हणजे सांगली जिल्ह्याचं पूर्वेचं टोक. हापिसात कुणाला सांगितलं की मी जतचा, तर निम्म्या लोकांना ते कर्नाटकात आहे असं वाटतं. (अधूनमधून कर्नाटकालाही तसंच वाटतं. २०२२ साली तिथल्या मुख्यमंत्र्यांनी आमच्या तालुक्यातल्या चाळीसेक गावांवर हक्क सांगायची भाषा केली होती.) पाऊस सरासरी पाचशे मिलिमीटरच्या आसपास, तोही लहर लागली तर. लहानपणी माझ्या डोक्यात 'पाणी' या शब्दाबरोबर जे चित्र यायचं ते टँकरचं, समुद्राचं नाही. समुद्र मी पहिल्यांदा पाहिला तो कॉलेजच्या सहलीत, गणपतीपुळ्याला, आणि पहिला विचार काय आला तर, एवढं पाणी आणि कुणी राखणीला नाही!

असो. तर यंदा दिवाळीला गावी गेलो होतो. तात्यांच्या (म्हणजे माझे धाकटे चुलते) रानात म्हैसाळ योजनेचं पाणी येऊन आता काही वर्षं झालीत. मिरज तालुक्यात म्हैसाळला कृष्णेचं पाणी उपसतात आणि टप्प्याटप्प्याने उचलत आमच्या कोरड्या माळापर्यंत आणतात. पाणी येणार, पाणी येणार हे ऐकत आमच्या दोन पिढ्या म्हाताऱ्या झाल्या. आता आलंय, तर त्याचे वेगळेच प्रश्न सुरू झालेत. तात्यांच्या रानाचा एक कोपरा खोलगट आहे. पाणी सोडलं की तिथे तुंबतं, आणि तेवढ्याच तुकड्यातला मका पिवळा पडतो. तात्यांनी दोनदा युरिया टाकला. तरी पिवळाच.

"तू कॉम्प्युटरवाला हाईस न्हवं, मग बघून सांग की," तात्या म्हणाले. "दोन पोती टाकली. मक्यानं खाल्ला न्हाई, वाहून जायला वाट न्हाई. मग युरिया गेला कुठं?"

एकदम बरोबर प्रश्न आहे. डिबगिंगचा पहिला नियमच हा की डेटा गायब होत नसतो, कुणीतरी कुठेतरी तो उचललेला असतो. मी मोबाईल काढून शोधाशोध केली, आणि उत्तर पाचच मिनिटांत मिळालं. युरियातलं नत्र (वजनाच्या ४६ टक्के) जमिनीत आधी अमोनियम होतं, मग नायट्रेट. जमीन भुसभुशीत असेल, तिच्यात हवा खेळती असेल, तर पीक ते घेतं. पण पाणी तुंबून जमिनीतला प्राणवायू संपला की तिथले जिवाणू श्वासाला दुसरं काहीतरी शोधतात. आणि त्यांना सापडतं ते नायट्रेट. नायट्रेटमधला प्राणवायू ते वापरतात आणि उरलेलं नत्र वायू होऊन हवेत उडून जातं. म्हणजे तात्यांचा युरिया हवेत गेला. याला डीनायट्रिफिकेशन म्हणतात, आणि १८८० च्या दशकात फ्रान्समध्ये गायाँ आणि द्युपेती या दोघांनी हे काम जिवाणू करतात हे दाखवलं होतं.

तात्यांना सांगितलं. त्यांनी आकाशाकडे बघितलं आणि म्हणाले, "म्हंजे सबसिडी वर गेली." विषय संपला.

त्यांच्यापुरता संपला. मी मात्र परतीच्या एसटीत त्याच विषयाचे दुवे उघडत बसलो आणि पुण्यात पोचेपर्यंत बंगालच्या उपसागरात दीडशे मीटर खोल उतरलो होतो. कारण हाच खेळ, अगदी याच रसायनांनी, समुद्रात चालतो. आणि तो कोण खेळतं हे शोधायला शंभर वर्षं लागली. ती गोष्ट आज सांगतो.

गोष्टीची सुरुवातही खतापासूनच होते, हे मला फार आवडलं. सर जॉन मरे नावाचे स्कॉटिश शास्त्रज्ञ 'चॅलेंजर' या प्रसिद्ध जहाजावर (१८७२ ते १८७६) होते. पुढे त्यांनी हिंदी महासागरातल्या ख्रिसमस बेटावर फॉस्फेटचा साठा आहे हे ओळखलं, कंपनी काढली आणि खताच्या धंद्यात बक्कळ पैसा केला. १९१४ साली ते वारले. त्यांनी मागे ठेवलेल्या पैशातून १९३३-३४ मध्ये एक मोहीम निघाली. जहाज इजिप्तचं, नाव 'मबाहिस', आणि नेते लेफ्टनंट कर्नल सेमूर सेवेल. हे साहेब त्याआधी आपल्या झूऑलॉजिकल सर्व्हे ऑफ इंडियाचे संचालक होते.

मबाहिसने अरबी समुद्र उभा-आडवा पिंजून काढला. वरचं पाणी ठीक होतं. पण शे-दीडशे मीटरच्या खाली गेलं की प्राणवायू धडाधड कमी व्हायचा आणि हजारभर मीटरपर्यंत जवळपास नाहीच. काही ठिकाणी त्या खोलीवर तळ खरवडून आणलेलं जाळं जवळजवळ रिकामं वर यायचं. एवढा मोठा समुद्र, वरच्या थरात मासेच मासे, आणि मध्ये हा गुदमरलेला पट्टा.

तो का असतो, हे समजायला अवघड नाही. अरबी समुद्राला उत्तरेला जमीन आहे, त्यामुळे तिकडून ताजं थंड पाणी येत नाही. पावसाळ्याचे वारे खालचं खतावलेलं पाणी वर काढतात, त्यावर वनस्पतीप्लवक माजतात, मरतात, खाली बुडतात, कुजतात. कुजताना प्राणवायू खाल्ला जातो. शेतातल्या तुंबलेल्या कोपऱ्यासारखंच, फक्त तो कोपरा महाराष्ट्राहून मोठा.

यानंतरची मोठी उडी म्हणजे आंतरराष्ट्रीय हिंदी महासागर मोहीम, १९५९ ते १९६५. चाळीसेक जहाजं, डझनभर देश. आपल्या नौदलाचं 'कृष्णा' हे जहाज (इंग्रजांनी ठेवलेलं स्पेलिंग 'किस्तना', पण नदी आपलीच) त्यात होतं. अमेरिकेने पाठवलेलं 'आंतोन ब्रुन' हे जहाज पूर्वी राष्ट्राध्यक्ष ट्रुमन यांची सैर करायची नौका होतं! या मोहिमेचं आपल्याला मिळालेलं फळ म्हणजे गोव्यातली राष्ट्रीय समुद्रविज्ञान संस्था. स्थापना १ जानेवारी १९६६, पहिले संचालक डॉ. एन. के. पणिक्कर. दोना पावलाला फिरायला गेलेल्या बऱ्याच जणांनी तिची पाटी पाहिली असेल आणि पुढे फोटो काढायला गेले असतील. मीही त्यातलाच.

इथल्या रसायनशास्त्रज्ञांनी १९७० च्या दशकापासून एक हिशेब मांडायला घेतला. पाण्यात फॉस्फेट अमुक आहे, म्हणजे नायट्रेट तमुक असायला हवं. प्रत्यक्षात अरबी समुद्राच्या त्या गुदमरलेल्या थरात नायट्रेट कमी भरतं. ही तूट म्हणजे हवेत उडून गेलेलं नत्र. जगातल्या समुद्रांत असे तीनच मोठे पट्टे आहेत, दोन पॅसिफिकमध्ये आणि तिसरा आपल्या दारात.

पण हा झाला जमाखर्च. खात्यात पैसे कमी आहेत हे कळलं, काढले कुणी ते कळलं नाही. चोर पकडायचा तर जिवाणू हातात यायला हवा. आणि इथेच गाडी कित्येक वर्षं अडकली.

जिवाणू ओळखायची जुनी पद्धत म्हणजे ताटलीत खाऊ घालून त्याला वाढवायचं. सूक्ष्मदर्शकाखाली समुद्राचं पाणी पाहिलं तर एका मिलिलिटरमध्ये दहा लाखांच्या आसपास पेशी दिसतात. तेच पाणी ताटलीत टाकलं तर वाढतात त्यातल्या शेकड्यात एक, किंवा त्याहून कमी. बाकीच्यांना आपला खाऊ आवडत नाही. म्हणजे समुद्राचं जे काही जीवशास्त्र लिहिलं जात होतं ते त्या एक टक्का हौशी मंडळींवरून. (निवडणुकीचे एक्झिट पोल आठवले तर तो निव्वळ योगायोग समजावा.)

यातून सुटका केली ती जनुकशास्त्राने, आणि तीसुद्धा समुद्राचा विचार मनात नसलेल्या माणसाने. कार्ल वूझ यांनी १९७७ साली दाखवलं की प्रत्येक सजीव पेशीत प्रथिनं बनवणारं जे यंत्र असतं, त्याच्या एका तुकड्याचं जनुक हे ओळखपत्र म्हणून वापरता येतं. हे यंत्र सगळ्यांकडे आहे आणि फार हळू बदलतं. म्हणजे जगातल्या प्रत्येक प्रोग्रॅममध्ये असलेली एकच जुनी लायब्ररी, तिची कुठली आवृत्ती आहे यावरून प्रोग्रॅम कुणाच्या घराण्यातला ते ओळखायचं. मग नॉर्मन पेस आणि त्यांच्या सहकाऱ्यांना १९८० च्या दशकात सुचलं की असं असेल तर जिवाणू वाढवायचाच कशाला? पाणी गाळा, त्यातला सगळा डीएनए एकत्र काढा, आणि फक्त ओळखपत्रं वाचा.

१९९० मध्ये स्टीव्हन जोव्हानोनी यांच्या गटाने अटलांटिकमधल्या सारगासो समुद्राच्या पाण्यावर हे केलं. निघालं काय, तर तोवर कुणी कधीच न पाहिलेलं एक घराणं, आणि तेही घाऊक प्रमाणात. नाव पडलं सार-इलेव्हन. आज समजतं की समुद्राच्या वरच्या थरातल्या साधारण दर चार पेशींमागे एक या घराण्यातली असते. पृथ्वीवरच्या सगळ्यात यशस्वी जिवांपैकी एक, आणि १९९० पर्यंत आपल्याला त्याचा पत्ता नव्हता! २००२ साली तो एकदाचा प्रयोगशाळेत वाढवता आला आणि २००५ मध्ये त्याचा पूर्ण जीनोम वाचला गेला. आपला जीनोम ३०० कोटी अक्षरांचा. याचा जेमतेम १३ लाख अक्षरांचा, त्यात १३५४ जनुकं. स्वतंत्र जगणाऱ्या पेशींमध्ये तेव्हा माहीत असलेला हा सगळ्यात छोटा जीनोम होता. फालतू काही नाही, कॉमेंट नाही, 'पुढे कधीतरी लागेल' म्हणून ठेवलेलं फंक्शन नाही. आमच्या टीममधल्या प्रत्येकाला हा जीनोम फ्रेम करून द्यावा असं मला मनापासून वाटतं.

दरम्यान मानवी जीनोमच्या शर्यतीमुळे प्रसिद्ध झालेले क्रेग व्हेंटर आपली शिडाची नौका घेऊन सारगासोत उतरले. त्यांनी ओळखपत्रांवर न थांबता पाण्यातला सगळाच डीएनए तुकडे करून वाचला. कल्पना करा, की शहरातली सगळी वर्तमानपत्रं एकाच श्रेडरमध्ये घातली, चिंध्यांचा ढीग केला आणि एकमेकांवर येणाऱ्या ओळी जुळवत बातम्या परत उभ्या केल्या. २००४ मध्ये त्यांनी जाहीर केलं की या एवढ्याशा पाण्यातून १२ लाख नवी जनुकं मिळाली. पुढे २००९ ते २०१३ या काळात फ्रान्सच्या 'तारा' या नौकेने जगभरच्या समुद्रांत हेच केलं आणि आकडा ४ कोटींवर नेला. माझं स्वतःचं मत विचाराल तर या आकड्यांनी फारसं काही समजत नाही. ४ कोटी ओळींचा कोडबेस आहे असं सांगितल्याने तो कोड काय करतो हे कळतं का? प्रश्न विचारून जनुकं शोधली की मजा येते. म्हणून परत आपल्या नत्राकडे येऊ.

नायट्रेटपासून नत्र वायूपर्यंतचा प्रवास एका उडीत होत नाही. नायट्रेट, नायट्राइट, नायट्रिक ऑक्साइड, नायट्रस ऑक्साइड, शेवटी नत्र. प्रत्येक पायरीला एक वेगळं प्रथिन, आणि प्रत्येक प्रथिनामागे एक जनुक. नार, निर, नॉर, नॉस अशी त्यांची नावं, ऐकायला बारशातल्या जुळ्या-तिळ्यांसारखी. म्हणजे आता चोर पकडायला त्याला ताटलीत वाढवायची गरज नाही. पाण्यात 'निर' जनुकाच्या किती प्रती आहेत ते मोजायचं.

आणि नेमकं तेव्हाच दुसराच चोर निघाला. एंगेलबर्ट ब्रोडा या ऑस्ट्रियन शास्त्रज्ञाने १९७७ साली निव्वळ ऊर्जेच्या गणितावरून लिहिलं होतं की अमोनियम आणि नायट्राइट एकत्र करून त्यातून थेट नत्र वायू बनवणारा जिवाणू निसर्गात असायला हवा. तो १९९० च्या दशकात हॉलंडमधल्या डेल्फ्टला, सांडपाण्याच्या टाकीत सापडला. या प्रक्रियेला ॲनामॉक्स म्हणतात. २००३ मध्ये मार्सेल कायपर्स यांच्या गटाने तो काळ्या समुद्रात दाखवला आणि मग जगभर लाट आली, की समुद्रातलं नत्र पळवतो तो हाच, जुने डीनायट्रिफायर बिचारे निर्दोष.

अरबी समुद्रात कोण? अमेरिकेतल्या बेस वॉर्ड यांनी हा प्रश्न हातात घेतला, आणि २००९ मध्ये 'नेचर'मध्ये आलेल्या त्या शोधनिबंधात गोव्याच्या संस्थेतल्या हेमा नाईक आणि अनिल प्रतिहारी यांचीही नावं आहेत. त्यांनी पाण्यात खूण केलेलं नत्र घालून वेग मोजला आणि दोन्ही टोळ्यांची जनुकंही मोजली. निकाल आला की अरबी समुद्रात बहुतांश काम जुन्या टोळीचंच आहे. दोन वर्षांनी ओमानच्या किनाऱ्यालगत कायपर्स यांच्या गटाला नेमकं उलटं, म्हणजे ॲनामॉक्स जोरात, असं दिसलं. दोघेही आपापल्या जागी बरोबर असू शकतात. समुद्र म्हणजे एकच सर्व्हर नव्हे.

तुम्ही म्हणाल, कुणी का पळवेना, आपल्याला काय त्याचं? फरक पडतो तो चौथ्या पायरीवर. नायट्रस ऑक्साइड हा तापमान वाढवणारा वायू आहे, शंभर वर्षांच्या हिशेबात कार्बन डायऑक्साइडच्या सुमारे २७० पट ताकदीचा. जुनी टोळी काम अर्धवट सोडते तेव्हा तो निसटतो, ॲनामॉक्सच्या वाटेत तो बनतच नाही. २००० साली गोव्याच्या संस्थेतल्या एस. डब्ल्यू. ए. नक्वी आणि सहकाऱ्यांनी 'नेचर'मध्येच दाखवलं होतं की आपल्या पश्चिम किनाऱ्यालगतच्या उथळ पाण्यात पावसाळा सरताना प्राणवायू संपतो आणि नायट्रस ऑक्साइड भरमसाट साचतो. कांदोळीच्या समोर दहाएक किलोमीटरवर त्यांचं ठरलेलं ठिकाण आहे, पाणी तीस मीटरही खोल नाही, तिथे १९९७ पासून वर्षानुवर्षं जाऊन ते नमुने घेत आले. ऑगस्ट ते ऑक्टोबरमध्ये तिथल्या तळाच्या पाण्याला कधीकधी सडक्या अंड्यांचा वास येतो. तेच कांदोळी, जिथे आपली जनता त्याच महिन्यांत ऑफ सीझनचं स्वस्त हॉटेल बघून जाते.

आता येतो बंगालचा उपसागर, ज्याच्यासाठी मी हा लेख लिहायला घेतला.

हा अरबी समुद्राचा सख्खा भाऊ. त्यालाही उत्तरेला जमीन, त्याच्याही पोटात तसाच गुदमरलेला पट्टा. पण जमाखर्चात नायट्रेटची ती तूट तिथे दिसत नाही. नत्र जागेवर आहे. साध्या उपकरणाने प्राणवायू मोजला तर शून्य. मग चोरी का होत नाही? हे कोडं बरीच वर्षं तसंच पडून होतं.

२०१४ च्या सुरुवातीला 'सागर कन्या' जहाजावरून एक गट तिथे गेला. लॉरा ब्रिस्टो, डोनाल्ड कॅनफिल्ड, कायपर्स, आणि आपल्याकडचे नक्वी, प्रतिहारी, मंगेश गौंस अशी मंडळी या कामात होती. त्यांच्याकडे डेन्मार्कमध्ये बनवलेलं एक नवं संवेदक होतं. नेहमीची उपकरणं जिथे शून्य दाखवतात तिथेही हे मोजतं. आणि २०१७ मध्ये 'नेचर जिओसायन्स'मध्ये त्यांनी जे छापलं ते वाचून एसटीत माझा स्टॉप चुकायचा राहिला होता.

पहिली गोष्ट, प्राणवायू शून्य नाही. लिटरमागे १० ते २०० नॅनोमोल आहे. समुद्राच्या वरच्या पाण्यात सुमारे दोन लाख असतात, म्हणजे हजाराव्या हिश्श्याइतका किंवा त्याहूनही कमी. पण आहे.

दुसरी गोष्ट, डीएनए वाचला तर सगळी जनुकं हजर! नायट्रेट फोडणारी, ॲनामॉक्सवाली, दोन्ही टोळ्या. जिथे नत्र खरोखर उडतं त्या समुद्रांत जी पात्रं आहेत तीच इथेही. कोड पूर्ण लिहिलेला आहे, कंपाइल झालेला आहे, सर्व्हरवर चढवलेला आहे. फक्त चालत नाही, किंवा चालतो तो नावापुरता.

का चालत नाही, तर त्या चिमूटभर प्राणवायूवर जगणारे तिसरेच जिवाणू आहेत. त्यांचं काम नायट्राइट उचलायचं आणि परत नायट्रेट करून ठेवायचं. दोन्ही टोळ्यांना पुढे सरकायला नायट्राइट लागतं आणि ते साचतच नाही. एकाच रांगेवर दोन प्रोसेस बसल्यात, आणि ज्याला चिमूटभर प्राणवायू पुरतो तो दरवेळी आधी उचलून नेतो. प्राणवायू तेवढाही उरला नाही तर पहिला गडी बसतो, नायट्राइट साचतं आणि सगळा कोड एकदम चालू होतो. तसं झालं तर समुद्रातल्या नत्राचा जगाचा हिशेब हलेल, असं त्या निबंधात स्पष्ट लिहिलं आहे.

हे जनुकांशिवाय कळलंच नसतं, आणि नुसत्या जनुकांनीही कळलं नसतं. नुसता डीएनए वाचला असता तर 'इथे भरपूर डीनायट्रिफिकेशन चालतं' असा ठाम आणि साफ चुकीचा निष्कर्ष निघाला असता. रेपॉझिटरीत फंक्शन आहे म्हणून ते प्रॉडक्शनमध्ये कॉल होतं असं समजणाऱ्या माणसाबरोबर मी दोन वर्षं काम केलंय, त्यामुळे हा मुद्दा मला जरा जास्तच भिडला :-)

एक जोडगोष्ट सांगायचा मोह आवरत नाही. तो आपला सडपातळ सार-इलेव्हन आठवतोय ना? प्राणवायूशिवाय जगूच शकत नाही अशी त्याची ख्याती. २०१६ मध्ये पॅसिफिकच्या गुदमरलेल्या थरातून त्याच्या एकेका पेशीचा डीएनए वाचला, तर त्यातल्या काहींकडे नायट्रेट फोडणारं 'नार' जनुक निघालं. जगातला सगळ्यात काटकसरी प्रोग्रॅम, पण जिथे गरज तिथे पॅच घेतलेला.

आणि मग तांबं. नायट्रस ऑक्साइडला निरुपद्रवी नत्र करणाऱ्या शेवटच्या प्रथिनाला तांब्याचे अणू लागतात. त्याआधी नायट्राइट फोडणाऱ्या पायरीला लोह किंवा तांबं. जनुक असून उपयोग नाही, धातू मिळायला हवा, आणि समुद्राच्या पाण्यात हे धातू नावाला असतात. मार्च २०२१ मध्ये गोव्याच्या संस्थेचं 'सिंधु साधना' हे जहाज विशाखापट्टणमहून हिंदी महासागराच्या जनुकांसाठी निघालं तेव्हा मोहिमेच्या नावातच धातू आणि जीव हे दोन्ही होते, ट्रेसबायोम. तीसेक शास्त्रज्ञ, तीन महिने आणि दहा हजार सागरी मैल असा बेत. कोविडच्या दुसऱ्या लाटेत आपण सगळे घरात बसून झूमवर "ऐकू येतंय का" करत होतो तेव्हा ही मंडळी पाच-पाच किलोमीटर खोलीचं पाणी काढायच्या कामात होती.

आता परत जत. नकाशा उघडून बघा. कृष्णा महाबळेश्वरला उगम पावते, तिथून अरबी समुद्र सरळ रेषेत साठ-पासष्ट किलोमीटरवर. पण ती पाठ फिरवते आणि चौदाशे किलोमीटर चालत आंध्रात हंसलदीवीला बंगालच्या उपसागरात पडते. आमच्या तालुक्यातले ओढे-नालेही भीमेतून नाहीतर थेट कृष्णेत, शेवटी तिकडेच. सांगलीचा माणूस सुट्टीला कोकणात जातो, पण त्याचं पाणी जातं बंगालच्या उपसागराला.

तात्यांचा युरिया तिथे पोचतो असं मी म्हणणार नाही. वाटेत अलमट्टी, नारायणपूर, श्रीशैलम, नागार्जुनसागर, प्रकाशम बंधारा, एवढे नाके आहेत, आणि दुष्काळी वर्षात कृष्णेचं फारसं पाणी समुद्राला लागतही नाही. शिवाय गंगा-ब्रह्मपुत्रेसमोर आपली कृष्णा म्हणजे पन्हाळच. पण त्या उपसागराभोवतीच्या सगळ्या नद्यांच्या काठी तात्याच आहेत, कुणी भातवाले, कुणी उसवाले. प्रत्येकाच्या पोत्यातलं पिकाला न लागलेलं थोडं थोडं नत्र खाली जातं. त्यावर प्लवक वाढणार, कुजणार, प्राणवायू खाणार. वरून पाणी तापतंय, आणि तापलेल्या पाण्यात प्राणवायू कमी विरघळतो. सगळं टांगलेलं आहे ते त्या १० ते २०० नॅनोमोलवर. आणि सप्टेंबर-ऑक्टोबरमध्ये आमच्याकडे जो काही परतीचा पाऊस पडतो, तो याच उपसागरातल्या कमी दाबाच्या पट्ट्यांच्या जिवावर. देणंघेणं दोन्ही बाजूंनी आहे.

हे सगळं रविवारी फोनवर तात्यांना सांगितलं. म्हणजे सांगायचा प्रयत्न केला. जनुकं, तांबं, नॅनोमोल. तात्यांनी शांतपणे ऐकून घेतलं. मागून मोटारीचा आवाज येत होता.

"म्हंजे तिकडं बी तुंबलंय म्हण की," ते म्हणाले.

"हो, पण अजून थोडी हवा शिल्लक आहे तिथे."

"आन् माझ्या कोपऱ्याला काय करू?"

मी म्हटलं, चर काढा, पाणी निघून जाऊ दे, आणि युरिया एकदम टाकू नका, थोडा थोडा हप्त्याने द्या.

"चर मी परवाच काढला," तात्या म्हणाले. "तुझा फोन यायची वाट बघत बसलो असतो तर हंगाम गेला असता."